‘निम्मा वाटा प्रेक्षकांचा’ म्हणजे नेमका किती?

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत युरोव्हिजन या युरोपातल्या देशांच्या वार्षिक गीतस्पर्धेवर आलेला लेख आणि त्याखालचा तक्ता वाचला. कोणता देश आपले गाणे कसे निवडतो हे त्यात देशवार दिले आहे आणि नावांपुढे ‘प्रेक्षक ५०, ज्युरी ५०’, ‘प्रेक्षक ७५, ज्युरी २५’ अशी वाटणी छापली आहे. वाटणीबद्दल तक्रार नाही. पण ‘जिथे प्रेक्षकांचा टक्का मोठा, तिथे लोकांच्या आवडीचे गाणे जाते’ असा जो निष्कर्ष लेखात काढला आहे, तो हिशेबाला टिकत नाही. नियमावलीतला टक्का म्हणजे त्या गटाच्या हाती असलेले जास्तीत जास्त गुण. निकाल ठरतो तो त्या गटाने वरच्या आणि खालच्या गाण्यांत प्रत्यक्षात किती अंतर पाडले यावर. एका विषयात सगळ्या वर्गाला ८० ते ८५ मिळाले आणि दुसऱ्यात कोणाला ३५ तर कोणाला ९५, तर दोन्ही विषय शंभर-शंभर गुणांचे असूनही पहिला नंबर कोणाचा हे दुसरा विषयच ठरवतो. गाण्यांच्या निवडीतही हेच घडते.

याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण स्पेनचे, आणि तक्त्यातली नेमकी तीच ओळ सर्वांत त्रोटक आहे. आरटीव्हीई या तिथल्या सार्वजनिक प्रसारण संस्थेने २०२२ साली बेनिडॉर्म या समुद्रकाठच्या पर्यटनस्थळी नवी निवडस्पर्धा सुरू केली. जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात दोन उपांत्य फेऱ्या, प्रत्येकीतून चार गाणी पुढे, आणि २९ तारखेला आठ गाण्यांची अंतिम फेरी. देशी-परदेशी तज्ज्ञांच्या ज्युरीकडे निम्मे गुण, वय आणि प्रदेश पाहून निवडलेल्या सामान्य प्रेक्षकांच्या नमुना-गटाकडे पाव, आणि घरून मत देणाऱ्या जनतेकडे उरलेले पाव. नमुना-गटही सामान्य माणसांचाच असल्यामुळे ‘निम्मे गुण लोकांचे’ असे म्हणायला संस्था मोकळी होती.

आता निकाल पाहा. घरून आलेल्या मतांपैकी ७०.७५ टक्के मते तान्शुगेइरास या गलिशियन भाषेत गाणाऱ्या तीन मुलींच्या गटाला पडली. रिगोबेर्ता बान्दिनी या गायिकेला १८.०८ टक्के. तिसऱ्या क्रमांकावरच्या शानेल या गायिकेला ३.९७ टक्के. म्हणजे पहिलीत आणि तिसरीत जवळजवळ अठरापट अंतर. परंतु नियम असा होता की टक्के बाजूला ठेवायचे, फक्त क्रम घ्यायचा आणि क्रमाला ठरलेले गुण द्यायचे: पहिल्याला ३०, दुसऱ्याला २५, तिसऱ्याला २०. अठरापट अंतराचे दीडपट झाले. नमुना-गटाने तान्शुगेइरासला ३०, शानेलला २५ आणि बान्दिनीला २० गुण दिले. ज्युरीने मात्र शानेलला ५१, बान्दिनीला ४६ आणि तान्शुगेइरासला ३० दिले. बेरीज केली तर शानेल ९६, बान्दिनी ९१, तान्शुगेइरास ९०. त्या वर्षीच्या मुख्य स्पर्धेला, इटलीतल्या तूरीनला, शानेल गेली.

अंतरे वेगळी काढली की चित्र उघडे पडते. शानेल आणि तान्शुगेइरास यांच्यात नमुना-गटाने पाडलेले अंतर ५, जनतेने पाडलेले १०, आणि ज्युरीने उलट्या दिशेने पाडलेले २१. दोन्ही लोकगट एका बाजूला असूनही १५ विरुद्ध २१ असा सामना झाला आणि ६ गुणांनी निकाल लागला. कागदावर वाटणी निम्मी-निम्मी होती, झुकते माप कोणाकडे होते ते दिसतेच आहे. तेच जनतेचे ३० गुण टक्केवारीच्या प्रमाणात वाटले असते, म्हणजे पहिल्याला पूर्ण ३० आणि बाकीच्यांना त्या प्रमाणात, तर शानेलला २० ऐवजी १.७ आणि बान्दिनीला २५ ऐवजी ७.७ मिळाले असते. बाकी काहीही न बदलता तान्शुगेइरास ९०, शानेल ७७.७, बान्दिनी ७३.७. एकाही माणसाचे मत न बदलता केवळ रूपांतराच्या नियमाने विजेता बदलतो, आणि बान्दिनीचा क्रमही घसरतो.

या निकालावर स्पेनमध्ये जे रण माजले, ते मात्र भलत्याच मुद्द्यांवर. ज्युरीतल्या एका सदस्याने पूर्वी विजेतीबरोबर काम केले होते यावर आक्षेप आला, राजकीय पक्षांनी प्रश्न विचारले, आणि स्वतः शानेलवर समाजमाध्यमांतून इतकी चिखलफेक झाली की तिने ट्विटर सोडले. हितसंबंधाचा आक्षेप गैर नव्हता. ज्युरीचे सदस्य नेमताना मागच्या काही वर्षांतली कामे लिहून घेणे ही साधी खबरदारी आहे. पण ज्युरी पूर्णपणे निष्पक्ष असती तरी गुणांचा तो साचा तसाच राहिला असता. गायिकेचा तर यात काडीचाही दोष नव्हता.

पुढे मे महिन्यात तूरीनला शानेल तिसरी आली: ४५९ गुण, त्यात ज्युऱ्यांचे २३१ आणि प्रेक्षकांचे २२८. स्पेनला १९९५ नंतर इतके वरचे स्थान मिळाले नव्हते. ‘बघा, ज्युरीचेच बरोबर होते’ हा युक्तिवाद तेव्हापासून सर्रास केला जातो, आपल्या लेखातही तो आहे. एका वर्षाच्या निकालावरून पद्धत सिद्ध होत नाही. त्याच बेनिडॉर्ममधून २०२३ साली गेलेले गाणे १०० गुणांसह सतरावे आले, त्यातले प्रेक्षकांचे गुण फक्त ५. २०२४ चे गाणे ३० गुणांसह बाविसावे, २०२५ चे ३७ गुणांसह चोविसावे. तान्शुगेइरास गेल्या असत्या तर काय झाले असते हे कोणालाच सांगता येणार नाही, त्यामुळे तो वाद सोडून देणे बरे.

क्रमवार गुण देण्यामागे आयोजकांचीही कारणे असतात आणि ती सगळी लंगडी नाहीत. फोनचे मत म्हणजे माणूस नव्हे. पैसे मोजून एकाच घरातून वीस मते जाऊ शकतात. एखाद्या प्रांताने किंवा चाहत्यांच्या टोळीने जोर लावला तर टक्केवारी कुठच्या कुठे जाते. क्रम घेतला की त्या लाटेला कुंपण बसते. शिवाय पडद्यावर १२, १०, ८ असे सुटसुटीत आकडे वाचता येतात आणि शेवटच्या घोषणेपर्यंत चुरस टिकते, जे दूरचित्रवाणीला हवेच असते. पण कुंपण कुठे घालायचे हे आधी ठरवून, ‘जनतेचा प्रत्यक्ष प्रभाव इतकाच राहील’ असे जाहीर करायला हवे. तसे कोणी सांगत नाही.

लेखात स्वीडनचे कौतुक आहे आणि ते रास्तच आहे. सात विजेतेपदे आयर्लंडखेरीज दुसऱ्या कोणाकडे नाहीत. मात्र ‘मेलोडीफेस्टिवालेन’ या तिथल्या निवडस्पर्धेत सुरुवातीपासून सगळे आलबेल होते असा समज होऊ नये. स्पेनमध्ये जे क्रमवार गुणांमुळे झाले, ते स्वीडनमध्ये नेमक्या उलट कारणाने झाले. २०१८ पर्यंत तिथे अंतिम फेरीत परदेशी ज्युऱ्यांकडे निम्मे गुण असत आणि उरलेले निम्मे प्रेक्षकांच्या मतांच्या टक्केवारीप्रमाणे वाटले जात. २०१७ चा हिशेब असा: अकरा ज्युऱ्या, प्रत्येकी १२, १०, ८, ६, ४, २, १ मिळून ४३ गुण, एकूण ४७३. प्रेक्षकांचेही ४७३. टक्केवारी म्हणजे अंतर जपले जाणार, असे कोणालाही वाटेल.

घोटाळा ॲपने केला. २०१५ पासून ॲपवर बदामाचे चिन्ह दाबून फुकट मत देता येऊ लागले, एका गाण्याला पाचपर्यंत. फुकट म्हटल्यावर हात आखडता कोण घेणार? लोक आवडत्या गाण्याला पाच, बऱ्याला तीन आणि उरलेल्यांनाही एखाद-दुसरा बदाम देऊ लागले. लाखो मते आली, पण सगळीकडे सारखी पसरली आणि बारा गाण्यांची टक्केवारी एकमेकांना चिकटली. समजा पहिल्याला १२ टक्के आणि शेवटच्याला ५ टक्के पडले, तर ४७३ पैकी ५७ आणि २४ गुण होतात, म्हणजे अंतर ३३. ज्युऱ्यांच्या बाजूला मात्र एखादे गाणे १३२ पर्यंत जाऊ शकते आणि एखादे शून्यावर राहू शकते. मतदान जितके वाढले, तितकी जनतेची ताकद घटली. २०१७ मध्ये प्रेक्षकांत पहिला आला नॅनो, ज्युऱ्यांत पहिला रॉबिन बेंग्टसन, आणि कीवच्या मुख्य स्पर्धेला गेला बेंग्टसन. तिथे तो पाचवा आला, म्हणून फारशी ओरड झाली नाही इतकेच.

एसव्हीटी या स्वीडनच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेने २०१९ मध्ये काढलेला तोडगा कौतुकास्पद आहे, आणि आपल्या तक्त्यात त्याचा उल्लेखच नाही. ॲपवर नोंदवलेल्या वयानुसार मतांचे सात गट केले: ३ ते ९, १० ते १५, १६ ते २९, ३० ते ४४, ४५ ते ५९, ६० ते ७४ आणि ७५ च्या पुढे. फोनवरची मते हा आठवा गट. प्रत्येक गट स्वतंत्र ज्युरीसारखा १२, १०, ८, ७ असे खाली १ पर्यंत गुण देतो, म्हणजे ५८. आठ गटांचे ४६४, आणि समोर आठ परदेशी ज्युऱ्यांचेही ४६४. आता दोन्ही बाजूंना एकच मोजपट्टी आहे. प्रेक्षकांच्या बाजूनेही एखादे गाणे ९६ पर्यंत जाऊ शकते. फक्त कॉलेजच्या पोरांत गाजलेल्या गाण्याला तिथे एक-दोन गटांचे बारा मिळतात आणि बाकीचे गट हात वर करतात. २०२५ मध्ये केएजे या फिनलंडमधल्या स्वीडिश भाषिक त्रिकुटाने बोलीभाषेतल्या वाफस्नानाच्या गमतीदार गाण्यावर माजी युरोव्हिजन विजेता मॉन्स झेल्मरलॉव याला मागे टाकले. १९९८ नंतर स्वीडिश भाषेतले गाणे प्रथमच पुढे गेले आणि बाझेलच्या मुख्य स्पर्धेत ३२१ गुणांसह चौथे आले.

या पद्धतीतही फटी आहेत. गटात मते देणारे कितीही कमी असले तरी गटाचे वजन तेवढेच, त्यामुळे पंचाहत्तरीपुढच्या एका मताची किंमत तिशीतल्या मतापेक्षा खूप जास्त असू शकते. आणि ३ ते ९ वयोगटाचा फोन कोणाच्या हातात असतो, हे वेगळे सांगायला नको.

टक्केवारी म्हणजेच न्याय असे मानणाऱ्यांसाठी इटली आहे. तिथे गायक निवडला जातो त्या सानरेमोच्या गीतमहोत्सवात अखेरच्या टप्प्यात प्रेक्षकांना ३४, पत्रकारांच्या कक्षाला ३३ आणि रेडिओ केंद्रांच्या ज्युरीला ३३ टक्के असा हिशेब असतो आणि क्रम न घेता टक्केच धरले जातात. २०२४ मध्ये नेपल्सच्या जोलियेला अखेरच्या पाचांत प्रेक्षकांची सुमारे ६० टक्के मते मिळाली, तरी जिंकली आंजेलिना मांगो. साठ टक्क्यांचे ३४ टक्के धरले तर २० च्या आसपास गुण होतात. इतर दोन्ही गटांनी पाठ फिरवल्यावर ते पुरले नाहीत. इथे जनतेचा आवाज रूपांतरात हरवला नाही, उघड मतभेदात हरला. स्पेनचा प्रकार आणि हा प्रकार एका पंक्तीत बसवता येत नाहीत, आपल्या लेखात मात्र दोन्ही ‘ज्युरीची मनमानी’ या एकाच मथळ्याखाली आले आहेत.

मुख्य स्पर्धेलाही हा धडा उशिराच मिळाला. २०१५ पर्यंत प्रत्येक देशात ज्युरी आणि प्रेक्षक यांचे क्रम एकत्र करून एकच यादी बनवत. २०१४ मध्ये ब्रिटनच्या प्रेक्षकांनी पोलंडच्या गाण्याला पहिले ठेवले, ज्युरीने शेवटचे, आणि ब्रिटनकडून पोलंडला शून्य गुण मिळाले. २०१६ पासून दोन्ही याद्या वेगळ्या केल्या आणि प्रत्येकीचे स्वतंत्र १२, १०, ८ असे गुण ठेवले. तरी अंतराचा प्रश्न उरलाच. २०२३ मध्ये फिनलंडच्या कॅरियाला प्रेक्षकांचे ३७६ आणि ज्युऱ्यांचे १५० गुण पडले, स्वीडनच्या लॉरीनला ज्युऱ्यांचे ३४० आणि प्रेक्षकांचे २४३. प्रेक्षकांनी पाडलेले अंतर १३३, ज्युऱ्यांनी पाडलेले १९०. ५८३ विरुद्ध ५२६. कॅरियाची निवड ज्या फिनलंडने केली, तिथे प्रेक्षकांकडे ७५ टक्के गुण असतात. देशात एक मोजपट्टी आणि पुढे दुसरी, हे ठाऊक असूनच फिनलंड तसे करते आणि त्यात गैर काही नाही.

गुणांखेरीज आणखी एका बाबतीत लेख अपुरा वाटला. निवडस्पर्धा जिंकणे आणि स्पर्धेला जाणे यांच्यामध्ये कागदपत्रांचा एक टप्पा असतो आणि गाडी बऱ्याचदा तिथे अडते. २०१५ मध्ये जर्मनीत आंद्रेआस क्युमर्टला अखेरच्या मतदानात ७८.७ टक्के मते मिळाली आणि त्याने तिथेच मंचावर, थेट प्रक्षेपणात, जाण्यास नकार दिला. दुसरी आलेली ॲन सोफी व्हिएन्नाला गेली आणि शून्य गुण घेऊन परतली. २०१९ मध्ये युक्रेनच्या निवडस्पर्धेची विजेती मारुव आणि तिथली प्रसारण संस्था यांचे कराराच्या अटींवरून बिनसले, ज्यांना विचारले त्या इतरांनीही नकार दिला, आणि शेवटी देशानेच माघार घेतली. २०२२ मध्ये युक्रेनच्याच निवडस्पर्धेची विजेती अलिना पाश हिच्या २०१५ मधल्या, रशियाच्या ताब्यातल्या क्रिमियाच्या प्रवासाच्या कागदपत्रांवर शंका घेतली गेली, ती बाजूला झाली आणि दुसऱ्या क्रमांकाची कालुश ऑर्केस्ट्रा ही मंडळी गेली. ती ६३१ गुण मिळवून जिंकली हे सर्वांना आठवते, मूळ निवड तिची नव्हती हे थोड्यांना. यातले शहाणपण साधे आहे: करार, प्रवासाच्या नोंदी आणि ‘जिंकलो तर जाईन’ हे संमतिपत्र उपांत्य फेरीच्या आधी सही करून घ्यायचे, आणि विजेता न गेल्यास कोण हे नियमातच लिहायचे. इटलीत विजेत्याला विचारले जाते, तो नको म्हणाला तर पुढच्याला; २०२५ मध्ये ओली नको म्हणाला, लुचो कोर्सी गेला आणि पाचवा आला.

गाण्याचे नियमही आधीच तपासावे लागतात. लांबी तीन मिनिटांपेक्षा जास्त नको, मंचावर सहापेक्षा जास्त माणसे नकोत, मुख्य आवाज प्रत्यक्ष गायलेला हवा, गाणे आदल्या वर्षीच्या १ सप्टेंबरपूर्वी व्यावसायिकरीत्या प्रसिद्ध झालेले नको. सूर यंत्राने दुरुस्त करणारा ऑटोट्यून चालत नाही. बेनिडॉर्मच्या पहिल्याच वर्षी लूना की या गायिकेने याच कारणाने ऐन वेळी नाव मागे घेतले, कारण तिच्या गाण्यात तो परिणाम चालीचाच भाग होता. देशातल्या फेरीचे नियम मुख्य स्पर्धेपेक्षा सैल ठेवले की असे घोळ शेवटच्या आठवड्यात बाहेर येतात.

आणि यंत्रणा बंद पडली तर काय, हेही. २०२० मध्ये स्वीडनच्या पहिल्याच फेरीत ॲप कोलमडले. ॲपची मते रद्द करून फक्त फोनची मते धरली आणि कार्यक्रम वेळेत संपला. २०२४ मध्ये युक्रेनच्या निवडस्पर्धेची मते ‘दिया’ या सरकारी ॲपवरून घेतली जात होती, त्यावर ताण आला आणि मतदान दुसऱ्या दिवसापर्यंत वाढवावे लागले. दुसरा उपाय लोकशाहीला धरून वाटतो, पण त्यात एक अडचण आहे. एकदा कार्यक्रम संपल्यावर मत देणारे लोक वेगळे असतात: ज्यांनी गाणी ऐकली त्यांच्यापेक्षा ज्यांना फोन करून उठवले गेले ते जास्त. आपल्याकडे गाण्यांच्या रिॲलिटी शोमध्ये एसएमएससाठी दोन-दोन दिवस मुदत ठेवतात आणि गावोगाव फलक लागतात, तेव्हा नेमके हेच होते.

तेव्हा विनंती अशी की, हा तक्ता पुन्हा छापाल तेव्हा टक्क्यांच्या रकान्याशेजारी आणखी चार रकाने द्यावेत: मतांचे गुण क्रमाने होतात की प्रमाणात, एका माणसाला किती मते देता येतात आणि ती फुकट की पैसे देऊन, गुण सारखे झाल्यास निर्णय कोणाचा, यंत्रणा बिघडल्यास कोणती मते धरायची. तिसरा रकाना क्षुल्लक वाटेल, पण २०१७ मध्ये स्पेनमध्ये दोन गाण्यांचे गुण सारखे झाले, ज्युरीने तिथल्या तिथे एकाला निवडले, आणि ते गाणे कीवमध्ये ५ गुणांसह शेवटचे आले.

तक्त्यात एक दुरुस्तीही हवी. २०२६ च्या रकान्यात स्पेनपुढे ‘बेनिडॉर्म फेस्ट’ असे छापले आहे. इस्रायलच्या सहभागाच्या प्रश्नावर स्पेनने डिसेंबर २०२५ मध्ये व्हिएन्नाच्या स्पर्धेतून माघार जाहीर केली. आयर्लंड, नेदरलँड्स, स्लोव्हेनिया आणि आइसलँड यांनीही. बेनिडॉर्मचा कार्यक्रम आरटीव्हीईने चालू ठेवला, पण त्यातून २०२६ च्या युरोव्हिजनला कोणी जाणार नव्हते. शिवाय त्या वर्षापासून मुख्य स्पर्धेत एका प्रेक्षकाला २० ऐवजी १० च मते, देशाच्या ज्युरीत ५ ऐवजी ७ सदस्य आणि त्यातले किमान दोन १८ ते २५ वयाचे, असा बदल झाला आहे. तळटीपेत जुनेच आकडे राहिले आहेत.

आपला,
एक नियमित वाचक, पुणे